आइसमिटे : बर्फाच्या पोटात काळ वाचणारे ठाणे (थ्रेड)

१/ अद्भुत कादंबऱ्यांत एक स्थळ हमखास भेटते : मनुष्यवस्तीपासून तुटलेले संशोधन-ठाणे, जिथे काळाची घडी विस्कटलेली असते आणि जिथून परतण्याची शाश्वती नसते. असे एक ठाणे १९३० साली ग्रीनलंडच्या हिमस्तरावर खरोखर उभे राहिले. त्याचे नाव आइसमिटे, म्हणजे जर्मन भाषेत ‘बर्फाचा मध्य’.

२/ मोहिमेचे नेते होते आल्फ्रेड वेगनर. भूखंड सरकतात हा विचार त्यांनी १९१२ मध्ये मांडला होता आणि बहुतेक भूवैज्ञानिकांनी तो झिडकारला होता. पेशाने ते हवामानशास्त्रज्ञ. ग्रीनलंडचा पश्चिम किनारा, पूर्व किनारा आणि ऐन मध्य अशा तीन ठिकाणी वर्षभर हवामानाच्या नोंदी घ्यायच्या आणि बर्फाची जाडी मोजायची, अशी त्यांची योजना होती.

३/ मधले ठाणे पश्चिम किनाऱ्यापासून सुमारे ४०० किलोमीटर आत, सुमारे ३००० मीटर उंचीवर होते. ३० जुलै १९३० रोजी योहानेस गेओर्गी तिथे पोहोचले. सप्टेंबरमध्ये एर्न्स्ट झोर्गे येऊन मिळाले. परंतु समुद्रातील बर्फामुळे मोहिमेचे पाच आठवड्यांहून अधिक दिवस आधीच वाया गेले होते. पंख्याच्या जोरावर धावणाऱ्या मोटार-स्लेज ताज्या हिमात अडकल्या. सारी भिस्त कुत्र्यांच्या स्लेजवर आली.

४/ परिणामी राहण्याची झोपडी आली नाही, इंधन अपुरे पडले आणि बिनतारी संदेशयंत्रही पोहोचले नाही. दोघांनी निरोप धाडला : २० ऑक्टोबरपर्यंत सामान न आल्यास आम्ही पायी किनाऱ्याकडे निघू. पुढे त्यांनी विचार बदलला. त्या थंडीत निघणे म्हणजे मरण, हे ओळखून त्यांनी घट्ट हिमात गुहा खोदली आणि तिथेच हिवाळा काढायचे ठरवले. पहिला निरोप वेगनर यांना मिळाला. बदललेला निर्णय कळवण्याचा मार्गच नव्हता.

५/ २१ सप्टेंबर रोजी वेगनर १५ स्लेज घेऊन निघाले होते. सोबत फ्रिट्झ लोवे आणि १३ ग्रीनलंडवासी. हिम आणि थंडी वाढत गेली तसे बहुतेक जण माघारी वळले. त्यांना भित्रे ठरवणे सोपे आहे. पण तो प्रदेश सर्वांत चांगला ओळखणारी माणसे तीच होती, आणि त्यांचा अंदाज बरोबर होता. शेवटपर्यंत सोबत राहिला तो रास्मुस विलुमसेन हा तरुण.

६/ ३० ऑक्टोबरला तिघे आइसमिटेला पोहोचले. चाळीस दिवसांच्या या प्रवासात जवळजवळ सगळा शिधा वाटेतच सोडावा लागला होता. लोवे यांच्या पायांना हिमदंश झाला होता. गेओर्गींनी खिशातल्या चाकूने आणि पत्रा कापायच्या कात्रीने, भूल न देता, त्यांची बोटे कापली. पाच जणांना पुरेल एवढे अन्न गुहेत नव्हते. १ नोव्हेंबरला, आपल्या पन्नासाव्या वाढदिवशी, वेगनर विलुमसेनसह परत निघाले.

७/ मागे राहिलेले तिघे त्या काळोखात काय करत होते? झोर्गे खाली खोदत होते. सुमारे १५ मीटर खोल विवरात उतरून त्यांनी हिमाचे थर तपासले, तुकडे कापून त्यांची घनता मोजली. उन्हाळ्याचे हिम भरड आणि हलके, हिवाळ्याचे बारीक आणि घट्ट. म्हणजे प्रत्येक जोडी एका वर्षाची. एकेक पायरी उतरताना झोर्गे मागच्या वर्षात पाऊल टाकत होते.

८/ मात्र या काळाचे माप स्थिर नसते. वरच्या हिमाचा भार खालच्या वर्षांना दाबत जातो. अगदी खोलवर बर्फ वाहून पसरते आणि थर अधिकाधिक पातळ होतात. तिथे सहस्रके थोड्या जागेत मावतात. घनता खोलीप्रमाणे कशी वाढते याच्या झोर्गे यांच्या निरीक्षणावर आधारलेला नियम हिमविज्ञानात आजही त्यांच्याच नावाने ओळखला जातो.

९/ मे १९३१ मध्ये मदत पोहोचली, तेव्हा गुहेतील तिघांना कळले की वेगनर किनाऱ्यावर पोहोचलेच नव्हते. १२ मे रोजी, वाटेच्या साधारण मध्यावर, उभ्या रोवलेल्या स्कींच्या खुणेखाली त्यांचा देह सापडला : नीट शिवून, जपून पुरलेला. ते काम विलुमसेनचे. वेगनर यांची रोजनिशी घेऊन तो पुढे गेला असावा. तो सापडला नाही, रोजनिशीही नाही.

१०/ पुढची कडी शीतयुद्धातली. अमेरिकी सैन्याने १९५९ पासून वायव्य ग्रीनलंडमध्ये बर्फाखाली ‘कॅम्प सेंच्युरी’ हा तळ खोदला. काही काळ तिथे अणुभट्टीही चालली. सरकत्या बर्फाने बोगदे चिरडत आणले आणि १९६७ मध्ये तळ सोडावा लागला. तत्पूर्वी, १९६६ मध्ये, तिथे १३८७ मीटर खोल छिद्र पाडून हिमस्तराचा तळ गाठला गेला होता.

११/ विली डान्सगार्ड या डॅनिश शास्त्रज्ञाने त्या बर्फातील ऑक्सिजनच्या समस्थानिकांवरून सुमारे एक लाख वर्षांचे हवामान वाचले. पुढील उत्खननांनी दाखवले की हिमयुगात ग्रीनलंडचे तापमान काही दशकांतच अनेक अंशांनी उसळले होते. छिद्राच्या तळाशी निघालेली माती दीर्घकाळ शीतगृहात विसरली गेली होती. ती तपासल्यावर २०२१ मध्ये तिच्यात काड्या आणि शेवाळ असल्याचे जाहीर झाले. जिथे आज बर्फ आहे, तिथे कधीकाळी हिरवळ होती.

१२/ लोवे ज्यू वंशाचे होते. नाझी राजवटीत त्यांना देश सोडावा लागला आणि पुढे त्यांनी मेलबर्न विद्यापीठात हवामानशास्त्राचा विभाग उभारला. झोर्गे यांच्या नावे नियम आहे, वेगनर यांच्या नावे संशोधनसंस्था. विलुमसेनचे नाव बहुधा एका ओळीत येते आणि संपते. तरीही वेगनर यांचा देह सापडला, कारण त्याने ती खूण रोवली होती. हिमाचे थर मोजताना त्याचेही वर्ष मोजले जावे.