घड्याळ पाहून बोलणाऱ्या माश्या

स्वित्झर्लंडचे ऑग्युस्त फोरेल मानसोपचारतज्ज्ञ होते आणि मुंग्यांचे मोठे जाणकार. उन्हाळ्यात त्यांच्याकडे न्याहारी घराबाहेर, मोकळ्या हवेत होई आणि टेबलावरच्या मुरंब्यावर मधमाश्या जमत. यात नवल नव्हतं. पण टेबलावर काहीही मांडलेलं नसतानाही माश्या न्याहारीच्याच वेळेला तिथं येऊन घिरट्या घालू लागल्या. मुरंबा नाही, त्याचा वास नाही. मग त्यांना बोलावलं कोणी? त्यांना वेळ आठवते, असं अनुमान फोरेल यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी काढलं.

त्याच सुमारास जर्मनीत ह्यूगो फॉन बुटेल-रीपेन यांना कुट्टूच्या शेतात असंच काहीसं दिसलं होतं. कुट्टूचा मकरंद सकाळीच मिळतो. फुलं दिवसभर उमललेली असली, तरी माश्या सकाळ संपली की तिकडे फिरकत नव्हत्या.

या निरीक्षणांची पारख झाली म्युनिकमध्ये, कार्ल फॉन फ्रिश यांच्या प्रयोगशाळेत. माशी ओळखू यावी म्हणून फ्रिश तिच्या पाठीवर रंगाचे ठिपके देत: पांढरा म्हणजे १, तांबडा २, निळा ३, पिवळा ४, हिरवा ५. ठिपक्यांच्या जागा बदलून शेकडो माश्यांना क्रमांक देता येत. त्यांच्या विद्यार्थिनी इंगेबोर्ग बेलिंग यांनी अशा माश्यांना रोज ठरावीक वेळी साखरपाणी दिलं आणि परीक्षेच्या दिवशी बशी रिकामी ठेवून कोण कधी येतं ते नोंदवलं. माश्या ठरल्या वेळी, कधी थोड्या आधीच, हजर होत. चोवीस तासांची शिस्त त्यांना सहज लागली; एकोणीस तासांची लावायला गेल्यावर काही केल्या लागेना. बेलिंग यांचा हा अभ्यास १९२९ साली प्रसिद्ध झाला.

माश्यांच्या भाषेचा शोध मात्र वेगळ्या वाटेनं चालला होता, आणि त्या वाटेवर फ्रिश वीसेक वर्षं चुकलेले होते. खाणं सापडलेली माशी पोळ्यावर परतून नाचते, हे त्यांना १९२० च्या सुमारासच दिसलं होतं. गोल नाच मकरंदाचा आणि शेपूट हलवत केलेला नाच परागाचा, असं त्यांनी मांडलं होतं. १९४१ मध्ये आजीच्या ज्यू वंशामुळे नाझी राजवटीनं त्यांची प्राध्यापकी काढून घ्यायचं ठरवलं. पण तेव्हा नोसेमा या रोगानं जर्मनीतल्या मधमाश्यांच्या वसाहती मोठ्या प्रमाणावर मरत होत्या आणि त्यावर संशोधन करायला सरकारला फ्रिशच हवे होते. माश्यांच्या आजारानं त्यांची जागा राखली. पुढे बॉम्बवर्षावात म्युनिकची संस्था उद्ध्वस्त झाली आणि काम ऑस्ट्रियातल्या वोल्फगांग तळ्याकाठी, ब्रुनविंकल या त्यांच्या घरच्या वाडीवर आलं. तिथं १९४४ च्या उन्हाळ्यात त्यांनी खाणं पोळ्यापासून दूर दूर नेऊन पाहिलं, तेव्हा उमगलं की शेपूट हलवत केलेला नाच अंतर सांगतो. पाठोपाठ दिशेचाही उलगडा झाला. पेटीतल्या अंधारात, उभ्या पोळ्यावर, ‘वर’ म्हणजे सूर्याची दिशा. खाणं सूर्याच्या जितकं डावी-उजवीकडे, तितकाच नाच तिरपा. आपलं जुनं मत चुकीचं होतं, हे फ्रिश यांनी छापून सांगितलं. या माणसाचा मोठेपणा मला १९७३ च्या नोबेलपेक्षा तिथं जास्त दिसतो.

पण सूर्य तर सरकत राहतो. मग सकाळी सांगितलेली दिशा दुपारी खोटी ठरणार नाही का?

उत्तर दिलं मार्टिन लिंडाउअर यांनी. युद्धात जखमी होऊन आलेला हा तरुण फ्रिश यांचं व्याख्यान ऐकून या कामात ओढला गेला. काही माश्या पेटीत बराच वेळ नाचत राहतात, हे त्यांनी पाहिलं. बाहेरचा सूर्य त्यांना दिसत नसतो, तरी त्यांचा नाच सूर्याच्या चालीनं हळूहळू कलत जातो. फोरेल यांच्या न्याहारीचं घड्याळ इथं भाषेला येऊन मिळालं. वेळेचं भान नसेल तर या नाचाला अर्थच उरत नाही.

ते घड्याळ माशीच्या अंगातलंच की बाहेरचं, हे पाहायला मॅक्स रेनर यांनी १९५५ मध्ये पॅरिसच्या बंद खोलीत ठरावीक वेळी खाऊ घातलेल्या माश्या विमानानं न्यूयॉर्कला, तशाच दुसऱ्या खोलीत नेल्या. तिथं त्या पॅरिसच्या वेळेनुसारच, चोवीस तासांनी खाण्याकडे आल्या.

लिंडाउअर पुढे श्रीलंकेतही आले आणि त्यांनी आपल्याकडच्याच माश्या अभ्यासल्या: आग्या, सातेरी आणि फुलोरी. इवलीशी फुलोरी उघड्यावर, पोळ्याच्या आडव्या माथ्यावर नाचते आणि थेट खाण्याच्याच दिशेनं धावून दाखवते. सातेरी अंधारात, उभ्या पोळ्यावर तीच गोष्ट कोनात सांगते.

महाबळेश्वरजवळच्या मांघरला २०२२ पासून ‘मधाचं गाव’ म्हणून ओळख मिळाली आहे. तिथं किंवा ओळखीच्या मधपाळाकडे सातेरीची पेटी उघडली जाईल, तेव्हा मध चाखायची घाई करू नका. चौकट उभीच धरायला सांगा, शेपूट हलवत धावणारी माशी शोधा, आणि सूर्य कुठे आहे ते पाहून ती कुठली वाट सांगते आहे याचा अंदाज घ्या.