फोटो सरकवणारा माणूस

फोटोंचा व्हिडिओ बनवताना चित्र हळूहळू सरकतं, मोठं होतं, बघितलंय ना? अ‍ॅपलच्या आयमूव्हीत त्या इफेक्टला चक्क एका माणसाचं नाव आहे: केन बर्न्स. अमेरिकेचा इतिहास डॉक्युमेंटरीतून सांगणारा दिग्दर्शक.

१९८१ मध्ये त्याने ब्रुकलिन ब्रिजवर फिल्म केली. मग १९९० मध्ये पीबीएसवर आली नऊ भागांची ‘द सिव्हिल वॉर’. अडचण अशी, की १८६१ ते १८६५ च्या त्या यादवी युद्धाच्या काळात सिनेमा नव्हताच. फोटोला एक्स्पोजरही इतकं लागायचं, की ऐन लढाईचे फोटो जवळपास नाहीतच. म्हणून बर्न्सने जुन्या फोटोंवरून सावकाश कॅमेरा फिरवला आणि सोबत सैनिकांची पत्रं वाचून घेतली. सुमारे ४ कोटी लोकांनी मालिका पाहिली.

पण गंमत पुढे आहे. मालिकेत सगळ्यात जास्त बोलतात ते गोष्टीवेल्हाळ कादंबरीकार शेल्बी फूट. युद्धाच्या मुळाशी गुलामगिरी होती, हे ठामपणे मांडणाऱ्या इतिहासकार बार्बरा फील्ड्स यांना त्यामानाने खूपच कमी वेळ मिळतो. यावर इतिहासकारांनी टीकाही केली.

फोटो सरकवायचं बटण आता आपल्या सगळ्यांकडे आहे. कुणाला किती वेळ बोलू द्यायचं, हे मात्र माणूसच ठरवतो. पुढची डॉक्युमेंटरी बघताना तेवढं मोजून बघा. भेटू पुढच्या भागात!