परहस्ते गेलेला चेंडू

आपल्या नावावर एखादा तरी विक्रम असावा, अशी माझी लहानपणापासूनची इच्छा होती. ती वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी, न्यू जर्सीत, मुलीच्या घराच्या तळघरात पुरी झाली. प्रेक्षक एकच होता. तो म्हणजे माझा अकरा वर्षांचा नातू चिनू. आणि त्यालाही तो विक्रम पाहवत नव्हता.

मुलीकडे सहा महिने राहायला गेलेल्या बापाला अमेरिकेत फारशी कामं नसतात. सकाळी धुतलेली भांडी यंत्रातून काढून ठेवायची, दुपारी दारात पडलेली खोकी आत घ्यायची आणि साडेतीनला नातू शाळेतून आला की त्याला दूध द्यायचं. त्या दिवशी दूध पिऊन झाल्यावर चिनूने माझ्या हातात एक बटणांचं खेळणं दिलं आणि म्हणाला, "आजोबा, तू क्वार्टरबॅक हो." मी झालो. नातवाने सांगितलं तर माणूस घोडा होतो, मग क्वार्टरबॅक व्हायला काय हरकत?

अमेरिकन ज्याला फुटबॉल म्हणतात, त्यात पायाचा संबंध मुख्यतः पळण्यापुरता. चेंडू खारकेच्या थोरल्या भावासारखा, दोन्हीकडे निमुळता. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं. जमलं तर पुन्हा चार प्रयत्न, नाहीतर चेंडू समोरच्यांचा. क्वार्टरबॅक हा या संसाराचा कर्ता पुरुष. चेंडू त्याच्या हातात येतो, समोरून धिप्पाड मंडळी त्याला आडवा करायला धावतात आणि तेवढ्या दोन-तीन सेकंदांत त्याने पुढे पळणाऱ्या आपल्या गड्यांपैकी एकाकडे चेंडू फेकायचा असतो. तो आपल्या गड्याऐवजी समोरच्या संघातल्या कुणी मधल्यामध्ये झेलला, की ते इंटरसेप्शन. म्हणजे आपण मुलीसाठी स्थळ शोधावं, पत्रिका जुळवावी, पोहे करावेत आणि मुलाने शेजाऱ्यांच्या मुलीला पसंत करून जावं, तसा प्रकार.

माझी पहिल्या अर्ध्यातच सहा स्थळं शेजारी गेली. प्रत्येक गड्याच्या डोक्यावर एकेका बटणाची खूण दिसते, ते बटण दाबलं की चेंडू त्याच्याकडे जातो. दाबून धरलं तर गोळीसारखा, हलकं दाबलं तर उंच, तरंगत. मी हलकंच दाबत होतो. दुसऱ्याच्या दाराची घंटा मी जन्मभर अशीच वाजवत आलो आहे. त्यामुळे माझा चेंडू वर जायचा, थोडी हवा खायचा आणि खाली येईपर्यंत तिथे समोरच्यांची ग्रामसभा भरलेली असायची.

"आजोबा, रीसेट करू या," चिनू म्हणाला.

ही त्याची सवय मला ठाऊक झाली होती. दोन पास परहस्ते गेले, की बटण दाबून सामनाच पुसून टाकायचा. सामना झालाच नाही, मग हरलो कुठे? यात मला काही वावगं वाटलं नसतं. पण महिन्यापूर्वी शाळेच्या कार्यक्रमात व्हायोलिन वाजवताना त्याचा हात अडला होता. मधेच उठून तो पडद्यामागे गेला आणि तेव्हापासून पेटी जिन्याखाली पडून होती. मुलीने हे मला भांडी पुसता पुसता, नळ मुद्दाम मोठा सोडून सांगितलं होतं. तिथे रीसेटचं बटण नव्हतं, एवढाच काय तो फरक.

"थांब," मी म्हटलं. "खऱ्या माणसाचा विक्रम किती आहे?"

फोनवर बघून तो म्हणाला, "आठ. जिम हार्डी. १९५०."

"मग मला अजून दोन टाकू दे. बरोबरी तरी होईल."

त्या दिवशी त्याने दिले नाहीत. पण जिम हार्डी माझ्या डोक्यात बसला. गावच्या वाचनालयात जाऊन मी त्याच्या मागे लागलो. तिथल्या बाईंना वाटलं, गृहस्थ संशोधक असावेत. मी त्यांचा समज दूर केला नाही.

जिम हार्डी हा काही रस्त्यावरून पकडून आणलेला माणूस नव्हता. दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठाकडून खेळताना १९४५ सालच्या रोझ बोल सामन्यात तो सर्वोत्तम खेळाडू ठरला होता. पुढे व्यावसायिक संघात गेला आणि १९५० साली शिकागो कार्डिनल्सचा क्वार्टरबॅक होता. २४ सप्टेंबरला, रविवारी, मोसमातला त्यांचा पहिलाच सामना, तोही घरच्या मैदानावर. समोर फिलाडेल्फिया ईगल्स. हे ईगल्स १९४८ आणि १९४९ असे लागोपाठ दोन वर्षं विजेते, आणि आठच दिवसांपूर्वी क्लीव्हलंड ब्राउन्स या, दुसऱ्या बंद पडलेल्या लीगमधून आलेल्या नवख्या संघाने त्यांना ३५-१० असं बडवलेलं. घरच्या भांडणाचा राग घेऊन कचेरीत आलेला साहेब ज्यांनी पाहिला आहे, त्यांना पुढचं सांगायला नको. हार्डीने ३९ पास टाकले. त्यातले बारा आपल्या माणसांना मिळाले आणि आठ ईगल्सना. रस कॅफ्ट... नव्हे, रस क्राफ्ट नावाच्या एकट्या गड्याने त्यातले चार झेलले. हार्डीच्या बाजूच्या कुणालाही त्याच्या चेंडूबद्दल इतकं प्रेम असतं तर निकाल वेगळा लागला असता. कार्डिनल्स ४५-७ असे हरले.

हा विक्रम त्या लीगमध्ये आजतागायत कुणाला मोडता आलेला नाही. मला मात्र आकड्यापेक्षा एका वेगळ्याच गोष्टीने झोप लागेना. आठ पास दुसऱ्यांना देण्यासाठी चेंडू आठ वेळा हातात यावा लागतो. तीन झाल्यावर, पाच झाल्यावर, सात झाल्यावरही कुणीतरी तो परत हार्डीकडेच दिला होता. संघाचे प्रशिक्षक होते कर्ली लॅम्बो, ग्रीन बे पॅकर्स संघाच्या संस्थापकांपैकी एक. म्हणजे खेळातलं कळत नव्हतं असं म्हणायची सोय नाही. आणि हार्डीही सातव्यानंतर पोट दुखतंय म्हणून आत गेला नाही. आमच्या सुनील गावसकरने १९७५ साली लॉर्ड्सवर साठ षटकं खेळून नाबाद ३६ केल्या, तेव्हा आम्ही दादरच्या कट्ट्यावर त्याला काय काय म्हटलं ते इथे छापता येणार नाही. तो बाद का होत नाही, हाच आमचा सवाल होता. आता वाटतं, दोन्ही ठिकाणी शेवटपर्यंत मैदानात उभं राहण्याला किती कातडी जाड लागत असेल!

बरं, त्या काळी हा अपराध तितका दुर्मिळ नव्हता. तेव्हा शंभर पासांतले सात-आठ समोरच्यांच्या हाती जायचे. आता दोन-अडीच जातात. माणसं सुधारली असं नव्हे, नियम सुधारले. १९७८ पासून धावणाऱ्या गड्याला पाच यार्डांपुढे धक्काबुक्की करायची बंदी आली, क्वार्टरबॅकला सांभाळणाऱ्यांना हात मोकळे वापरायची मुभा मिळाली, आणि लांब चेंडू फेकण्याऐवजी जवळच्या जवळ, हातावर प्रसाद ठेवल्यासारखा देण्याची पद्धत रुळली. त्याआधीचे लोक दिलदार होते. जॉर्ज ब्लांडा नावाच्या गृहस्थांनी १९६१ साली ३६ टचडाऊन पासांचा विक्रम केला आणि लगेच १९६२ साली ४२ इंटरसेप्शनांचा. दोन्ही विक्रम एकाच घरात ठेवले. पहिला पुढे मोडला, दुसरा अजून घरातच आहे. हे ब्लांडा वयाच्या अठ्ठेचाळीसपर्यंत खेळले.

पण खरी गंमत निघाली ती चिनूच्या खेळाच्या डबीवर. त्या खेळाचं नावच 'मॅडन'. जॉन मॅडन हे ओकलंड रेडर्सचे प्रशिक्षक. जानेवारी १९७७ मध्ये त्यांनी सुपर बोल जिंकला. पुढे ते समालोचक झाले आणि १९८८ साली त्यांच्या नावाने संगणकावरचा हा खेळ निघाला. मॅडनना विमानाची धास्ती, म्हणून खेळ बनवणाऱ्यांनी १९८४ साली आगगाडीत बसून त्यांच्याशी बोलणी केली. तेव्हाचे संगणक अशक्त. बाजूला सात-सात गडी घेऊ, असं ते म्हणाले. मॅडन म्हणाले, अकराला अकरा नसतील तर तो फुटबॉल नव्हे. अडून बसले आणि तो व्हायला चार वर्षं गेली.

तर अशा या काटेकोर माणसाच्या संघात काय घडावं? १६ ऑक्टोबर १९७७ रोजी, डेन्व्हर ब्रॉन्कोजविरुद्ध, मॅडन मैदानाच्या कडेला उभे असताना त्यांच्या केन स्टेबलर या डावखुऱ्या क्वार्टरबॅकने सात इंटरसेप्शन दिली. नऊ महिन्यांपूर्वीच त्यांना विजेतेपद मिळवून देणारा हाच स्टेबलर. सामना ३०-७ असा गेला. आणि दोनच आठवड्यांनी, डेन्व्हरमध्ये जाऊन, त्याच ब्रॉन्कोजना याच लोकांनी २४-१४ असं हरवलं. म्हणजे ज्यांच्या नावाच्या खेळात चिनू दुसऱ्या चुकीला बटण दाबतो, त्या मॅडनसाहेबांनी स्वतः सात चुका पाहून माणूस बदलला नव्हता.

महाविद्यालयीन खेळात याहून मोठे दाते आहेत. १९६९ साली फ्लोरिडाच्या जॉन रीव्ह्ज या विद्यार्थ्याने ऑबर्नविरुद्ध ६६ पास टाकले, त्यातले नऊ गेले. फ्लोरिडा त्या मोसमात तेवढा एकच सामना हरलं! दोन वर्षांनी याच रीव्ह्जला पासांच्या एकूण यार्डांचा विक्रम करायला थोडंसं अंतर कमी पडत होतं, पण मायामीविरुद्धच्या त्या शेवटच्या सामन्यात चेंडू समोरच्यांकडे आणि वेळ संपत आलेली. तेव्हा फ्लोरिडाचे बचावाचे गडी चक्क जमिनीवर आडवे झाले. 'जा बाबा, गुण घे, पण चेंडू आम्हाला दे.' मायामीचा गडी आरामात पलीकडे गेला, चेंडू रीव्ह्जला मिळाला आणि विक्रम झाला. याला खिलाडूपणा म्हणावं की नाही यावर तिकडे पुष्कळ भांडणं झाली. मला आपलं वाटतं, ज्याने नऊ दिले त्याच्यासाठी पोरं जमिनीवर झोपली, हे काही लहान नाही.

सगळ्यांचं असं गोड होत नाही. २०१७ साली बफेलोच्या नेथन पीटरमनला प्रथमच सुरुवातीपासून खेळायला मिळालं. संघाचं बरं चाललं असताना आधीच्या क्वार्टरबॅकला बसवून याला उभा केला होता. पहिलं इंटरसेप्शन त्याच्याच गड्याच्या हातांवरून उडून गेलं, आणि मग रांग लागली. पहिल्या अर्ध्यात १४ पास, त्यात पाच इंटरसेप्शन. मध्यंतरानंतर त्याला बसवलं. पुढे हाच संघ सतरा वर्षांनंतर बाद फेरीत पोचला, पण पीटरमनचं नाव निघालं की आजही लोक आधी हसतात. त्याला पुढचा पास टाकायला मिळाला असता, तर तो कुणाच्या हातात गेला असता, हे मला फार जाणून घ्यावंसं वाटतं.

हे सगळं मी चिनूला रोज दुधाबरोबर थोडं थोडं सांगत होतो. तो ऐकतोय असं दाखवत नसे. एके दिवशी एकदम म्हणाला, "आजोबा, तो हार्डी मग घरी कसा गेला असेल?"

"गाडीने," मी म्हटलं. "शिकागोतच तर होता."

"तसं नाही रे."

"मला कळलं, तू काय विचारतोस ते. ते वाचनालयातही लिहिलेलं नाही."

"आणि पुढच्या मॅचला?"

"आठ दिवसांनी बाल्टिमोरशी होती. तोच होता क्वार्टरबॅक. सहा टचडाऊन पास टाकले. त्यातले पाच बॉब शॉ या एकाच गड्याने झेलले, तोही विक्रम झाला. ५५-१३ जिंकले."

चिनू जरा वेळ दुधाच्या पेल्यात बघत राहिला. "मग ते चॅम्पियन झाले?"

इथे थाप मारायचा मोह झाला होता. "छे," मी म्हटलं. "त्या मोसमात पाच जिंकले, सात हरले."

तो हसला. का हसला, ते मला विचारू नका. मग म्हणाला, "चल, खाली जाऊ."

त्या संध्याकाळी आम्ही सामना पुरा खेळलो. सहाव्या इंटरसेप्शनला त्याचा अंगठा बटणाकडे गेला, मी त्याच्याकडे नुसतं पाहिलं. आठव्याला त्याने माझ्या पाठीवर थाप मारली. नवव्याला तो आईला बोलवायला जिन्यापर्यंत धावला. जाताना त्या व्हायोलिनच्या पेटीला ठेच लागली. त्याने ती उचलून सरळ उभी केली आणि परत आला. पेटी काही उघडली नाही. शेवटची शिटी वाजली तेव्हा माझ्या नावावर अकरा होती. ५९-० असे हरलो.

चिनूने कागदावर मोठ्या अक्षरात लिहिलं: 'आजोबा ११, हार्डी ८.' आणि तो फ्रिजवर चिकटवला. आमची ही पोळ्या करत होती. तिने चष्मा नाकावर सरकवून कागद वाचला आणि म्हणाली, "अगबाई, जिंकलात की काय?"

मी म्हटलं, "तीनने."