शब्दांचा जकातनाका

'इल पोस्तिनो' (१९९४) या चित्रपटातला पोस्टमन कवी नेरुदाकडून रूपक म्हणजे काय ते शिकतो. चित्रपटाचे काही चित्रीकरण सिसिलीच्या उत्तरेकडील सालिना या बेटावर झाले. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तिथले द्राक्षमळे किडीने फस्त केले आणि माणसे बोटी भरभरून अमेरिकेला, ऑस्ट्रेलियाला गेली. पुढेही ती जातच राहिली. याच बेटावर १४ ऑक्टोबर १९२० रोजी एडवर्ड डोमेनिक रे यांचा जन्म झाला. ('रे' म्हणजे इटालियनमध्ये राजा!) बालपणीच ते अमेरिकेत आले आणि पुढे अशा एका न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश झाले, जिथे रूपकाला नव्हे, तर शब्दाच्या साध्या, रूढ अर्थालाच किंमत असते.

त्यांच्या पदांची यादी लांबलचक आहे. सेंट जॉन्स विद्यापीठातून १९४३ साली कायद्याची पदवी, मग वायुदलातील सेवा, आणि १९४७ पासून त्याच विद्यापीठात अध्यापन. केनेडींच्या कारकिर्दीत, १९६१ साली, परदेशी सरकारांविरुद्ध अमेरिकी नागरिकांचे दावे निकालात काढणाऱ्या आयोगाचे ते अध्यक्ष झाले. १९६८ साली परराष्ट्र खात्यात शैक्षणिक व सांस्कृतिक विभागाचे सहायक मंत्रिपद त्यांच्याकडे आले आणि त्याच वर्षी जॉन्सन यांनी त्यांची कस्टम्स कोर्टावर नेमणूक केली. वकिलांनी लेखी युक्तिवाद कसा रचावा यावर त्यांनी पुस्तकही लिहिले. आम्हां भाषेच्या मास्तरांना या साऱ्यात तेच अधिक जवळचे वाटते.

कस्टम्स कोर्ट हे नाव ऐकून कोणालाही जांभई यावी. पण तिथले खटले वस्तुतः शब्दार्थाचे असत. १९२६ साली ब्रांकुशी यांचे 'अवकाशातील पक्षी' हे ब्राँझशिल्प न्यूयॉर्कच्या बंदरात उतरले, तेव्हा अधिकाऱ्यांना त्यात पक्षी दिसेना. त्यांनी ते धातूच्या भांड्याकुंड्यांत जमा करून ४० टक्के जकात लावली. कलाकृतीला जकात माफ होती. पिसे नाहीत, चोच नाही, तरी हे शिल्प काय? १९२८ साली याच न्यायालयाने ते शिल्पच असल्याचा निर्णय दिला. सौंदर्यशास्त्राचे आमचे कितीएक तास जे ठरवू शकले नाहीत, ते जकातीच्या टक्केवारीने ठरवले!

या कायद्याचा एक दंडक असा, की जकातपत्रकातला शब्द रूढ अर्थाने घ्यायचा, व्यापारात त्याला निराळा अर्थ असल्याचे सिद्ध झाल्यास गोष्ट वेगळी. रूढ अर्थ ठरवायचा न्यायाधीशाने. शब्दकोश हाताशी असतात, पण न्यायाधीशाच्या आकलनाला मदत म्हणून. साक्षीदारांचे म्हणणेही सल्ल्यापुरतेच.

म्हणजे भाषा कोणाची, हा प्रश्न इथे खुर्चीत बसलेला असतो. रे यांच्याआधी १९६५ ते १९७१ या काळात मुख्य न्यायाधीश होते पॉल राव. तेही सिसिलीतल्या प्रिझी गावी जन्मलेले. (नाव पाहून आपल्याकडचे वाटावेत, पण तसे नाही.) दुसऱ्या भाषेच्या भूमीत जन्मलेली ही माणसे इंग्रजी शब्दाचा 'सर्वसामान्य' अर्थ काय, हे सरकारलाही सांगत होती. आम्ही मात्र घरची बोली घेऊन वर्गात आलेल्या मुलाच्या उत्तरपत्रिकेत अजून लाल रेघा ओढतो आणि अर्थाचा अधिकार प्रमाणभाषेत जन्मलेल्यांनाच आहे असे धरून चालतो. असो.

रे १९७७ साली मुख्य न्यायाधीश झाले. जुन्या न्यायालयाचे अधिकार तोकडे होते. मुख्यतः आयातदाराच्या जकातीविषयीच्या तक्रारी ऐकायच्या, मनाई हुकूमासारखे उपाय जवळपास नाहीतच. १० ऑक्टोबर १९८० रोजी कार्टर यांनी सही केलेल्या कायद्याने चित्र पालटले. कस्टम्स कोर्टाचे आंतरराष्ट्रीय व्यापार न्यायालय झाले आणि त्याला जिल्हा न्यायालयाइतके पूर्ण अधिकार मिळाले. न्यायाधीश नऊ, आणि त्यांपैकी पाचाहून अधिक एकाच पक्षाचे नसावेत, अशी तरतूद. रे या न्यायालयाचे पहिले मुख्य न्यायाधीश. १९९१ मध्ये ते निवृत्त झाले आणि २००६ मध्ये निवर्तले.

२८ मे २०२५ रोजी याच न्यायालयासमोर प्रश्न होता, की आणीबाणीच्या कायद्यातील 'आयातीचे नियमन' या शब्दांत राष्ट्राध्यक्षाला अमर्याद जकात बसवण्याचा अधिकार मावतो काय. तिघा न्यायाधीशांनी एकमताने सांगितले, मावत नाही.