बंदुकीवरचे नाव कोणाचे?

जुनी एकनळी बंदूक हातात आली की माणूस आधी तिच्यावरचे नाव वाचतो. अमेरिकेतल्या अनेक घरांत आजोबा-पणजोबांच्या काळातली अशी बंदूक अडगळीत सापडते. घोडा मोडलेला असतो, कमान तुटलेली असते, नाहीतर फायरिंग पिन झिजलेली असते. सुटा भाग मिळाला तर ती पुन्हा उभी राहील, असे वाटते. बाजूला ‘व्हिक्टर’, ‘निकरबॉकर’ किंवा ‘पीअरलेस’ असे ऐटदार नाव कोरलेले असते. मग त्या नावाच्या कारखान्याचा शोध सुरू होतो. तो काही सापडत नाही, कारण त्या नावाचा कारखाना कधी नव्हताच.

दुकानदाराचे नाव

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून अमेरिकेत स्वस्त बंदुका लोखंडी सामानाच्या दुकानांतून आणि टपालाने माल पाठवणाऱ्या कंपन्यांच्या कॅटलॉगमधून विकल्या जात. घाऊक व्यापारी कारखान्याला मागणी नोंदवत आणि मालावर स्वतःला हवे ते नाव घालून घेत. कनेक्टिकटमधल्या नॉर्विच गावची क्रेसेंट कंपनी यात सर्वांत पुढे होती. न्यूयॉर्कच्या फोल्सम या व्यापारी पेढीसाठी तिने शंभराहून अधिक नावांनी बंदुका काढल्या. आतली रचना तीच, फक्त नाव वेगळे. मॅसॅच्युसेट्समधल्या चिकोपी फॉल्सची स्टीव्हन्स कंपनीही असाच माल बनवत असे. 1920 मध्ये ती सॅव्हेज कंपनीकडे गेली.

सिअर्स या बड्या कंपनीने ‘जे. सी. हिगिन्स’ हे नाव वापरले, माँटगोमेरी वॉर्डने ‘वेस्टर्न फील्ड’. सिअर्सच्या बंदुकांवर नावाखाली एक आकडा असे. जाणकार नाव सोडून तोच वाचतात. आकडा 101 ने सुरू झाला तर बंदूक सॅव्हेज-स्टीव्हन्सची, 583 ने सुरू झाला तर हाय स्टँडर्डची. सुट्या भागांचा व्यापार करणाऱ्या न्यूमरिच कंपनीने दुकानाचे नाव आणि मूळ कारखाना यांचा मेळ घालणाऱ्या याद्याच तयार केल्या. अनुक्रमांकाचा आधार मात्र नेहमी मिळत नाही. अमेरिकेत प्रत्येक बंदुकीवर अनुक्रमांक असण्याची सक्ती 1968 च्या कायद्याने आली. त्याआधीच्या कित्येक स्वस्त बंदुका बिनाक्रमांकाच्याच आहेत.

युरोपातून येणाऱ्या मालाची तऱ्हा आणखी वेगळी. बर्मिंगहॅमच्या ‘वेस्टली रिचर्ड्स’चा दबदबा मोठा होता. म्हणून बेल्जियमचा स्वस्त माल ‘डब्ल्यू. रिचर्ड्स’ नावाने अमेरिकेत उतरू लागला. पण नळी दस्त्यापासून सोडवून उलटी केली की खाली अंडाकृती चौकटीत ‘ईएलजी’ ही अक्षरे दिसतात. ती लिएज शहरातल्या चाचणीगृहाची मोहर. ठरलेल्या मात्रेपेक्षा जास्त दारू भरून नळी उडवून पाहायची आणि टिकली तर शिक्का मारायचा, ही तिथली रीत. लिएजमध्ये नेपोलियनच्या फर्मानाने 1810 मध्ये ही तपासणी सक्तीची झाली. बर्मिंगहॅमचे चाचणीगृह 1813 च्या कायद्याने उभे राहिले. अमेरिकेत अशी सरकारी सक्ती कधी आलीच नाही. म्हणून तिथल्या बंदुकीची ओळख पटवायला घोड्याचा आकार, खिळ्यांच्या जागा, कमानीची वळणे असे बारकावे तपासावे लागतात.

दिमिश्कच्या नावाने

या बंदुकांवरचे सर्वांत फसवे नाव आहे ‘दमास्कस’, म्हणजे आपल्या ओळखीचे दिमिश्क. नळीवर लाटांसारखी सुंदर नक्षी असली की तिला दमास्कस नळी म्हणत. या नळ्या दिमिश्कमध्ये बनत नव्हत्या. लोखंड आणि पोलादाच्या पट्ट्या पिळून, सळईभोवती गुंडाळून, तापवून त्या ठोकून एकजीव करत. हे काम लिएजच्या आसपासच्या गावांत चाले. स्वस्त एकनळीवर तर तेही नसे. साध्या नळीवर वरवर नक्षी उठवून ती दमास्कस म्हणून विकली जाई.

ज्या तलवारींमुळे हे नाव गाजले, त्यांचे पोलाद तरी कुठले? त्यातले बरेचसे आपल्या दख्खनचे. सतराव्या शतकातला फ्रेंच प्रवासी तॅव्हर्निए गोवळकोंड्याच्या पोलादाची इराणमधली ख्याती नोंदवतो. आजच्या निजामाबाद जिल्ह्यातल्या, म्हणजे नांदेडच्या शेजारच्या, कोनासमुद्रम गावी हे पोलाद मुशीत वितळवून तयार होई. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीलाही इस्फहानचे व्यापारी ते घ्यायला तिथवर येत. त्या पोलादावरची लहर वरून चढवलेली नव्हती, ती धातूच्या पोटातून उमटत असे. म्हणजे घडवले दख्खनच्या भट्टीवाल्यांनी, नाव झाले दिमिश्कचे आणि ते नाव विकले लिएज-न्यूयॉर्कच्या व्यापाऱ्यांनी.

चुकीच्या ओळखीची किंमत

ही चर्चा केवळ हौशी लोकांची नाही. एकाच नावाखाली दोन कारखान्यांचा माल असेल तर एकाचा घोडा दुसऱ्यात बसत नाही. एकाच कारखान्याचे भागही अनेकदा कानशीने घासून त्या त्या बंदुकीत बसवलेले असत. जबरदस्तीने बसवलेला भाग नको त्या क्षणी निसटतो.

काडतुसाचा धोका याहून मोठा. बारा बोअर म्हणजे एक पौंड शिशाच्या बारा सारख्या गोळ्या केल्या तर एका गोळीचा जो व्यास येईल, तो नळीचा व्यास, साधारण 18.5 मिलिमीटर. हा व्यास जुन्या आणि नव्या बंदुकीत सारखाच असतो. फरक असतो कोठ्याच्या लांबीत. अनेक जुन्या नळ्यांचा कोठा 65 मिलिमीटरच्या काडतुसाचा, आज सर्रास मिळणारे काडतूस 70 मिलिमीटरचे. तोंड दुमडलेले असल्याने ते आत सहज बसते. बार उडताना दुमड उघडते, तिला पुढे जागा पुरत नाही आणि दाब वाढतो. त्यात नळी काळ्या दारूच्या काळातली, पट्ट्या जोडून केलेली असेल तर ती उडवणाऱ्याच्या हातातच फुटू शकते. ‘बसले म्हणजे जमले’ हा हिशोब इथे बोटे घेऊन जातो.

म्हणून जुने कारागीर सांगतात, आधी नळी सोडवा, उलटी करा, तेल-गंज पुसा आणि खालच्या खुणा वाचा. बाजूच्या पट्टीवरचे नाव ज्याने विकले त्याने घातलेले असते. ज्यांनी घासले, ठोकले, तपासले, त्यांच्या खुणा खाली, दस्त्याच्या लाकडाआड असतात. इतिहास वाचतानाही बंदूक अशीच उलटी करून पाहावी लागते. नाहीतर दिमिश्कचे गोडवे गाताना कोनासमुद्रमची भट्टी आपल्याला दिसतच नाही.