पात्रांच्या नावाचे कपडे

टेलरकडे ‘अनारकली शिवायची आहे’ असे सांगताना सलीम किंवा अकबर कुणाच्या मनात नसतात, मनात असतो तो घेर. छातीखालच्या शिवणीपासून कळ्या किती सोडायच्या, अस्तर कुठवर लावायचे, बोलणे होते ते एवढेच. (नाव डाळिंबाच्या कळीचे आणि शिवणकामातही कळ्याच, हा योगायोग मला फार आवडतो.) सलीमच्या, म्हणजे पुढच्या जहांगीरच्या, आत्मवृत्तात या अनारकलीचा उल्लेखही नाही. तिला रूप दिले इम्तियाज अली ताज यांच्या १९२२च्या उर्दू नाटकाने आणि पुढे १९६०च्या ‘मुघल-ए-आझम’मधल्या मधुबालाने.

कार्डिगन, रॅग्लन बाही ही नावे खऱ्या सरदारांची. आपला विषय आहे तो कधी जन्मालाच न आलेल्या माणसांचा. ती फार दूरची नाहीत. आपली पँट आणि तिच्याआधीची पाटलोण, दोन्हींचे मूळ पांतालोने या व्हेनिसच्या चिक्कू म्हाताऱ्यात आहे. इटालियन मुखवटानाट्यात तो तंग लाल विजारीत वावरायचा.

या क्षेत्रात नव्याने येणाऱ्याने एक गोष्ट आधीच ध्यानात घ्यावी. नाव लेखकाचे असते, कपडा बहुधा दुसऱ्याच कुणाचा. जे. एम. बॅरीच्या कादंबरीत पीटर पॅन झाडाची पाने अंगावर घालतो. लहान मुलींच्या फ्रॉकवरची गोल ‘पीटर पॅन कॉलर’ आली ती १९०५च्या अमेरिकेतल्या नाट्यप्रयोगात मॉड अ‍ॅडम्सने घातलेल्या वेषावरून. फ्रेंच नाटककार सार्दूच्या १८८२च्या नाटकात सारा बर्नहार्ट राजकन्या फेडोरा झाली. त्या बाईच्या नावाची हॅट पुढे पुरुषांच्याच डोक्यावर जास्त मिरवली. लॉर्ड फाँटलरॉयचा काळा मखमली सूट मात्र फ्रान्सिस हॉजसन बर्नेटने पुस्तकातच शिवून ठेवला होता.

तारखाही चकवतात. डिकन्सच्या कादंबरीतली डॉली व्हार्डन १८४१ची, तिच्या नावाचे फुलाफुलांचे झगे गाजले १८७०च्या दशकात. कादंबरीचे साल तेच फॅशनचे साल, असे धरून चालणारा इथे हमखास फसतो.

त्यामुळे या अभ्यासाची निम्मी साधने ग्रंथालयाबाहेर आहेत: शिंप्यांच्या मापवह्या, कापडदुकानांच्या जाहिराती, नाटकांची हँडबिले, लग्नातले फोटो. एखाद्या जुन्या पावतीवर सिनेमातल्या पात्राचे नाव दिसले, तर ती रद्दीत घालू नका. निदान तिच्यावरची तारीख तरी उतरवून ठेवा.