संवादातून तत्त्वविचार : एकनाथांचा ‘हिंदू-तुर्क संवाद’

तत्त्वज्ञान सिद्धांत मांडते; साहित्य तोच सिद्धांत हाडामांसाच्या माणसाच्या तोंडी घालते. या दोहोंची भेट संवादात होते. प्लेटोचे ग्रंथ आणि उपनिषदे याची साक्ष देतात. मराठीतील ठळक उदाहरण म्हणजे पैठणच्या संत एकनाथांचे (सु. १५३३-१५९९) ‘हिंदू-तुर्क संवाद’ हे भारूड होय.

निजामशाही अमलातील पैठण परिसरात मराठी आणि दखनी शेजारी नांदत होत्या. म्हणूनच या भारुडातील तुर्क दखनी वळणाची भाषा बोलतो. तो मूर्तिपूजा, पुराणकथा आणि सोवळेओवळे यांवर आघात करतो. हिंदू उलट विचारतो, ईश्वर सर्वत्र असेल तर त्याला पश्चिमेलाच का शोधावे? वाद हमरीतुमरीवर येतो. पण ईश्वर एकच आहे हे उमगताच दोघे परस्परांना आलिंगन देतात.

हा समेट अद्वैताच्या भूमीवर होतो, म्हणजे शेवटचा शब्द एकनाथांचाच आहे, हे मान्य करावे लागेल. तथापि तुर्काचे आक्षेप त्यांनी सौम्य केले नाहीत, की त्याची बोली पुसली नाही. प्रतिपक्षाला त्याच्याच भाषेत, पूर्ण बळानिशी बोलू देण्यातच या संवादाचे तात्त्विक मोल आहे. आजच्या आंतरधर्मीय चर्चेने एवढे पथ्य पाळले तरी पुष्कळ झाले.